गाडी बघायला आलोय

छंदिष्टांबद्दल लिहिणं हा माझा धंदा आहे. या धंद्याला भांडवल लागत नाही, माल आपणहून चालत येतो आणि एकदा बोलायला लागला की थांबत नाही. अठ्ठ्याहत्तर आरपीएमच्या तबकड्या जमवणाऱ्यांच्या घरी मी जाऊन आलोय. तिथे पलंगाखाली, माळ्यावर आणि सासूबाईंच्या खोलीत तबकड्या असतात, आणि सासूबाई गावी असतात. स्वतःच्या मुलाची इयत्ता आठवत नाही, पण बैलाची वंशावळ तीन पिढ्यांपर्यंत तोंडपाठ आहे, अशी माणसं मला बैलगाड्यांच्या घाटात भेटली आहेत. संगीत नाटकाला पहिल्या रांगेत बसून वन्समोअर देणारे आहेत, ढोलाच्या पट्ट्याचा वळ कमरेवर मिरवणारे आहेत, शनिवारची रात्र झाली की किल्ल्याकडे पळणारे आहेत. सगळ्यांबद्दल मला आदर आहे. पण यांतल्या प्रत्येकाला काही ना काही मिळतं. तबकडीवाल्याला गाणं मिळतं, गाडामालकाला ढाल मिळते, किल्लेवाल्याला निदान पायथ्याशी पिठलं-भाकरी मिळते. काहीच न मिळता जो पहाटे चारला उठतो तो गाडीवेडा, मग तो रेल्वेचा असो की एसटीचा. त्याला जे हवं असतं ते समोरून येतं, हॉर्न देतं आणि निघून जातं.

रेल्वेवाला ओळखायला सोपा. गाडीची घोषणा झाली की बाकी जनता आपला डबा कुठे लागणार या विवंचनेत फलाटाच्या मध्यावर गोळा होते. हा एकटा फलाटाच्या पार टोकाला, स्टेशनच्या नावाच्या पिवळ्या पाटीपाशी उभा असतो. तिथे पंखा नाही, बाक नाही, चहावालाही फिरकत नाही. गाडी आली की गर्दी पुढे सरकते आणि हा मागे सरकतो, कारण फोटोत अख्खं इंजिन मावायला हवं. खांद्यावरच्या पिशवीत कपडे नसतात. पाण्याची बाटली, वही, कॅमेरा आणि घरच्यांनी जबरदस्तीने कोंबलेली छत्री असते. ती कॅमेऱ्यावर धरतात.

"तिकीट?" टीसी विचारतो.

"प्लॅटफॉर्म तिकीट आहे ना, साहेब."

"कुणाला घ्यायला आलात?"

"कुणालाच नाही. गाडी बघायला आलोय."

यावर टीसीची होणारी अवस्था पाहण्यासारखी असते. तोही वर्षानुवर्षं गाड्याच बघतो आहे, पण पगार घेऊन. खिशातले दहा रुपये भरून कुणी तेच करतं, यात त्याला काहीतरी काळंबेरं दिसतं. पुढची पाच मिनिटं तो त्या माणसावर नजर ठेवतो, आणि तेवढ्यात बिनतिकिटाचे दहाजण सुखरूप बाहेर पडतात.

या पंथात शिरायचं तर आधी बाराखडी गिरवावी लागते. माझ्याकडून ती बँकेतून निवृत्त झालेल्या एका काकांनी कल्याणच्या फलाटावर गिरवून घेतली. इंजिनाच्या अंगावर जी अक्षरं असतात त्यांतलं पहिलं रुळांची रुंदी सांगतं. डब्ल्यू म्हणजे ब्रॉडगेज, वाय म्हणजे मीटरगेज, झेड आणि एन हे नॅरोगेजचे. त्यानंतर येतो आहार : डी म्हणजे डिझेल, सी म्हणजे डीसी वीज, ए म्हणजे एसी वीज. मग काम : पी प्रवासी ओढणार, जी माल ओढणार, एम दोन्ही ओढणार. एवढं झाल्यावर काकांनी तोंडी परीक्षा घेतली.

"सांगा बघू, डब्ल्यूसीएएम म्हणजे?"

मी जुळवून जुळवून म्हणालो, "ब्रॉडगेज. डीसीवर चालतं, एसीवरही चालतं. माणसं ओढतं, मालही ओढतं."

"शाब्बास. आमच्या हिला हेच समजावलं होतं. ती म्हणाली, मग हे माझंच वर्णन झालं की."

काकूंचं म्हणणं सोडून देऊ, पण या इंजिनाची कथा खरोखर करुण आहे. मुंबईत १९२५ मध्ये विजेची गाडी धावली ती दीड हजार व्होल्टच्या डीसीवर. पुढे देशभर पंचवीस हजार व्होल्टची एसी वीज आली, तरी मुंबईचा परिसर आपल्या जुन्या विजेला चिकटून राहिला. मग इगतपुरीला थांबून इंजिन बदला, हा खेळ. त्यावर उतारा म्हणून दोन्ही विजांवर चालणारी ही इंजिनं आली आणि कल्याणच्या शेडमध्ये नांदली. मग मुंबईही एसीवर गेली : पश्चिम रेल्वे आधी, मध्य रेल्वेची मुख्य मार्गिका २०१५ मध्ये आणि सगळ्यात शेवटी हार्बर, २०१६ च्या एप्रिलात. एका रात्रीत या इंजिनांच्या दुहेरी कौशल्याला किंमत उरली नाही. हे सांगताना काकांचा आवाज जड झाला. स्वतःच्या निवृत्तीबद्दल ते इतके हळवे होऊन बोलल्याचं मला आठवत नाही.

प्रवासी आणि शौकीन एकाच गाडीत बसले तरी त्यांचे प्रवास वेगळे असतात, याचा पुरावा हवा असेल तर कर्जतला पाहावं. मुंबईहून पुण्याला निघालेली गाडी कर्जतला थांबते. सामान्य माणसाची पक्की समजूत अशी, की ती वड्यासाठी थांबते. पिढ्यान्‌पिढ्या महाराष्ट्राने या थांब्यात वडे खाल्ले आहेत आणि त्याबद्दल रेल्वेला दुवा दिला आहे. शौकिनाला विचाराल तर वडा हा या घटनेतला अगदी किरकोळ भाग आहे. पुढे भोर घाट आहे. सदतीस फूट पुढे गेलं की एक फूट वर, असा तो चढ. एवढी लांब गाडी पुढच्या इंजिनाला एकट्याने झेपत नाही, म्हणून कर्जतला मागून जादा इंजिनं जोडतात. यांना बँकर म्हणतात. ती गाडी ढकलत लोणावळ्यापर्यंत नेतात. म्हणजे तुम्ही खिडकीतून हात काढून "दोन वडे, चटणी जास्त" असं ओरडत असता, तेव्हा शेवटच्या डब्यामागे काही माणसं तल्लीन होऊन बफर बफरला टेकल्याचा आवाज ऐकत असतात. एकाने मला तो आवाज ऐकवला. मला तो "धड" असा ऐकू आला. तो म्हणाला, "नीट ऐका. आज जरा घाईत जोडलंय."

कसाऱ्याहून इगतपुरीला जाताना थळ घाटातही हीच कथा. मुंबईहून दिल्लीला जाणाऱ्या राजधानीला मध्य रेल्वेने २०१९ मध्ये पुढे एक आणि मागे एक अशी दोन इंजिनं कायमची लावून टाकली आणि बँकरचा थांबा वाचवला. प्रवाशांनी वाचलेल्या वेळेचं स्वागत केलं. शौकिनांमध्ये उभी फूट पडली. एक गट म्हणाला, तंत्रज्ञानाचा विजय झाला. दुसऱ्या गटाने पहिल्याशी बोलणं टाकलं. हे दोन्ही गट मिळून एका रिक्षात मावतील, पण फूट ती फूटच.

गाण्यात जशी घराणी, तशी इंजिनांत. डिझेलची दोन मोठी घराणी, अल्को आणि ईएमडी. दोन्ही मूळची अमेरिकेतली. अल्को घराण्याची गंमत अशी, की अमेरिकेतली मूळ कंपनी १९६९ मध्ये गाशा गुंडाळून बसली, आणि आपल्या वाराणसीच्या कारखान्यातून तिच्याच धाटणीची इंजिनं त्यानंतरही कित्येक दशकं बाहेर पडत राहिली. गुरू गेला, गाणं शिष्याने चालवलं. अल्कोचा भक्त तिच्या धुरावरून ओळखावा. गाडी सुटताना ती आकाशात जो काळा लोट सोडते त्याचे फोटो त्याच्या भिंतीवर असतात. पर्यावरणाबद्दल एरवी तो फार जागरूक असतो, शेजाऱ्याने पालापाचोळा जाळला तर सोसायटीच्या सभेत विषय काढतो. पण अल्कोच्या धुराला तो धूर म्हणतच नाही. ईएमडीवाला शांत प्रकृतीचा. त्याला अखंड घुमणारा एकसुरी नाद लागतो. तो गाडीच्या खिडकीला कान लावून बसतो आणि बायकोला वाटतं, झोपला.

यांच्या गप्पांत नवखा बसला तर त्याला एखाद्या मोठ्या एकत्र कुटुंबाची भानगड ऐकतोय असं वाटेल. "काल अजनीची होती, आज चक्क गुत्तीची आली!" "काय सांगतोस! भुसावळची कुठे गेली?" "ती म्हणे इटारसीला पडून आहे." अजनी, भुसावळ, गुत्ती, इटारसी ही इंजिनांची माहेरं, म्हणजे शेड. प्रत्येक इंजिनावर त्याच्या शेडचं नाव लिहिलेलं असतं आणि कुठल्या गाडीला कुठल्या शेडचं इंजिन लागणार हे ठरलेलं असतं. त्याला लिंक म्हणतात. ठरलेलं सोडून भलतंच इंजिन आलं की ते ऑफलिंक. ऑफलिंक हा या पंथाचा दसरा-दिवाळी. तुमची गाडी उशिरा का होईना आली, यावर तुम्ही समाधान मानता. त्याच वेळी फलाटाच्या टोकाला एक गृहस्थ उड्या मारत फोनवर ओरडत असतो, "अरे, रॉयपुरमची आहे, रॉयपुरमची!" त्याला लॉटरी लागली असावी असं समजून लोक त्याच्याकडे कौतुकाने बघतात.

घरच्यांचं काय होतं, हा प्रश्न मला वाचक नेहमी विचारतात. घरच्यांना सवय होते. लग्न जमवताना मुलगा निर्व्यसनी आहे असं सांगतात आणि ते खरंच असतं. हनिमूनला माथेरान ठरलं की सासरचे खूश होतात. माथेरानला एक नॅरोगेज आहे आणि ती १९०७ पासून आहे, हे मुलीला नेरळला उतरल्यावर कळतं. पुढे संसारात या माणसाचा उपयोग एकच, तो म्हणजे चालतंबोलतं वेळापत्रक. नात्यात कुठेही लग्न निघालं की त्याला फोन येतो : "भाऊजी, नागपूरहून सोळा माणसं यायची आहेत, कशाने आणू?" भाऊजी गाडी सांगतात, तिचा क्रमांक सांगतात, ती कुठे रखडते ते सांगतात, डबे नव्या बनावटीचे एलएचबी आहेत की जुने आयसीएफ ते सांगतात. पलीकडून फोन कधीच ठेवलेला असतो. लग्नात भाऊजी मांडवात दिसत नाहीत. मंगल कार्यालय रुळांजवळ होतं, हे पत्रिका बघताच त्यांच्या लक्षात आलेलं असतं.

हे वेड आपल्याकडचंच आहे असं नाही. इंग्लंडात इयन ॲलन नावाचा एक तरुण सदर्न रेल्वेत कारकून होता. इंजिनांची माहिती विचारणाऱ्या लोकांच्या पत्रांना उत्तरं देऊन देऊन तो इतका कंटाळला, की त्याने सगळ्या इंजिनांचे क्रमांक एका छोट्या पुस्तिकेत छापून टाकले. साल १९४२. डोक्यावर युद्ध घोंघावत होतं, साखर रेशनवर होती, आणि इंग्रज पोरं पुस्तिका हातात घेऊन दिसलेल्या इंजिनाच्या क्रमांकाखाली रेघ मारत पुलावर उभी होती. त्या कंटाळ्यातून पुढे मोठी प्रकाशनसंस्था उभी राहिली. आपल्याकडे कारकून कंटाळला तर खिडकी बंद करतो.

जपानी लोकांनी मात्र या वेडाची जी शिस्तशीर वर्गवारी केली आहे, तिला तोड नाही. फोटो काढणारा तो तोरी-तेत्सु. नुसता बसून हिंडणारा तो नोरी-तेत्सु. गाड्यांचे आवाज ध्वनिमुद्रित करणारा ओतो-तेत्सु. स्टेशनवर मिळणारे जेवणाचे डबे खात देश पालथा घालणाराही एक वर्ग आहे. कर्जतचे आपले लोक नकळत त्यात मोडतात. आणि यांतला मला सर्वांत आवडलेला वर्ग म्हणजे सोशिकी-तेत्सु, अर्थात मयताला जाणारे. एखादी गाडी, एखादा मार्ग, एखादं इंजिन बंद होणार असं कळलं, की शेवटच्या फेरीला हे हजर. एरवी त्या गाडीकडे ते वर्षानुवर्षं फिरकलेले नसतात. पण अंत्यदर्शन चुकवत नाहीत.

आपल्याकडे हा वर्ग फार मोठा आहे, फक्त त्याला नाव नाही. हार्बर मार्गावर शेवटची डीसी लोकल निघाली तेव्हा मध्यरात्रीच्या सुमाराला लोक कुर्ल्याला जमले. हेच लोक एरवी हार्बरच्या नावाने बोटं मोडतात. बेस्टची जुनी डिझेलची दुमजली बस १५ सप्टेंबर २०२३ ला अंधेरीत शेवटची धावली तेव्हा तिला हार-फुलं घातली, लोकांनी डोळे पुसले. विदर्भातली शकुंतला हा तर या मंडळींचा कायमचा हळवा कोपरा. यवतमाळ, मूर्तिजापूर, अचलपूर अशी ती नॅरोगेज, एका खासगी ब्रिटिश कंपनीच्या मालकीची, आणि वाफेचं इंजिन तिला १९९४ पर्यंत ओढत होतं. देशात संगणक आले, खासगी दूरचित्रवाहिन्या आल्या, तरी शकुंतलेच्या इंजिनात कोळसाच टाकत होते. चालू होती तेव्हा गावकरी तिच्या संथपणाला हसायचे. आज तिच्याबद्दल बोलताना तेच "आमची शकुंतला" म्हणतात.

आता एसटीवाल्यांकडे वळतो, कारण ते केव्हाचे रागावून बसले असतील. रेल्वेवाला एसटीवाल्याला आपल्यातला समजत नाही. "बसमध्ये बघायचं काय?" असं तो विचारतो, आणि हे विचारणारा माणूस पावसात पळसदरीला मालगाडीची वाट बघत तीन तास उभा राहिलेला असतो. एसटीवाल्याचं उत्तर ठरलेलं आहे : "तुमची रेल्वे रूळ असेल तिथेच जाते. आमची आमच्या दारात येते." यात तथ्य आहे. माझं निरीक्षण असं, की रेल्वेचा शौकीन बहुधा शहरात घडतो आणि एसटीचा गावात. गावात संध्याकाळी मुक्कामी गाडी यायची, पारापाशी वळायची, रात्रभर तिथेच झोपायची आणि पहाटे निघून जायची. चालक-वाहकांचं जेवण गावातच. शाळेतल्या पोराला बाहेरच्या जगातून रोज न चुकता येणारा पाहुणा हा एकच. त्या गाडीच्या हेडलाइटचा उजेड डोळ्यांत गेला तो पुढे इंजिनिअर होऊन हिंजवडीत आठव्या मजल्यावर बसला तरी जात नाही.

असा एक इंजिनिअर मला भेटला. कंपनीची वातानुकूलित बस दारात येत असताना हा सुट्टीच्या दिवशी स्वारगेटवर बसतो. गाडी आली की आधी नंबर बघतो. एमएच १४ असेल तर बांधणी दापोडीची, एमएच २० असेल तर चिकलठाण्याची, एमएच ४० असेल तर नागपूरच्या हिंगण्याची. महामंडळाच्या या तीन कार्यशाळा, म्हणजे पुन्हा घराणीच. त्यांच्यावरून होणारे वाद मी ऐकले आहेत. खिडकीची चौकट कुणाची सरळ, मागची शिडी कुणाची डौलदार. मग त्याहून जुनं भांडण : लेलँड की टाटा? या प्रश्नावर सख्खे मावसभाऊ एका पंगतीत बसत नाहीत. शिवाय जुनी ॲल्युमिनियमची बॉडी की नवी लोखंडी, हा उपप्रश्न. लाल परी, परिवर्तन, हिरकणी, शिवनेरी, शिवशाही, विठाई ही नावं तो माहेरवाशिणींची चौकशी करावी तशी घेतो. निमआराम गाडीला मात्र एशियाडच म्हणतो. १९८२ च्या दिल्लीतल्या खेळांवरून पडलेलं हे नाव. ते खेळ कुणी जिंकले हे कुणाला आठवत नाही, पण एशियाडमध्ये पुढची सीट मिळाल्याचं लोकांना नीट आठवतं.

एसटीच्या शौकिनांचा खरा कळस म्हणजे मॉडेल. कोकणात, सांगली-कोल्हापूरकडे, मराठवाड्यात शाळकरी पोरं पुठ्ठ्याच्या हुबेहूब एसट्या बनवतात. वायपर हलतात, दिवे लागतात, पाटी बदलते. आगाराचं नाव असतं, "प्रवाशांच्या सेवेसाठी" असतं. एका पोराने केलेल्या गाडीत मी भिंग लावून बघितलं, तर आसनांवर राखीव कुणासाठी तेही लिहिलं होतं : अपंग, महिला, विधानसभा सदस्य. विधानसभा सदस्याची सीट मॉडेलमध्येही रिकामीच होती. एवढा वास्तववाद मी मराठी कादंबरीत फार थोड्या ठिकाणी पाहिला आहे. आईची तक्रार होती की पोरगं अभ्यास करत नाही. मी म्हणालो, "वहिनी, हा काटकोन मोजतोय, प्रमाण काढतोय, वीजजोडणी करतोय." वहिनी म्हणाल्या, "ते पेपरात येत नाही."

२०२१ च्या दिवाळीच्या सुमाराला एसटीचा संप सुरू झाला आणि पुढच्या एप्रिलपर्यंत चालला. गाड्या आगारात ओळीने उभ्या. कर्मचाऱ्यांचे हाल, प्रवाशांचे हाल, हे सगळं वर्तमानपत्रांत आलं. या पोरांचं कुठे आलं नाही. यांतला एक रोज आगाराच्या कुंपणापर्यंत जाऊन यायचा. "टायर बसतात हो एका जागी उभं राहून," एवढंच म्हणाला.

सगळं कौतुकच करत सुटलो तर वाचक म्हणतील, याला यांनी चहा पाजलेला दिसतो. पाजला आहे, पण एक गोष्ट सांगायलाच हवी. अलीकडे रुळांवर उतरून, येणाऱ्या गाडीकडे पाठ करून स्वतःचं चित्रण करणारी एक जमात निघाली आहे आणि लोक तिलाही याच पंथात मोजतात. ते बरोबर नाही. खरा शौकीन इंजिनापासून लांब राहतो, कारण त्याला आकडे माहीत असतात. डब्ल्यूएपी-७ चं वजन १२३ टन आहे आणि भरधाव गाडी ब्रेक लावल्यावर तुमच्यासाठी जागच्या जागी थांबत नाही. दूधसागरला गाडीतून उतरून रुळांवरून धबधब्याकडे निघालेल्या मंडळींना २०२३ च्या पावसाळ्यात रेल्वे पोलिसांनी तिथेच उठाबशा काढायला लावल्या. मी याआधी कुठल्याच पोलिसी कारवाईचं जाहीर कौतुक केलेलं नाही, पण या एकीचं करतो. उलट वर्दीवाल्यांनाही एक सांगणं आहे. फलाटाच्या टोकाला वही घेऊन उभा असलेला चष्मेवाला गृहस्थ हेर नसतो. हेराला इतका वेळ नसतो.

आणि या वहीवाल्यांचा उपयोग शून्य, असं जे मी सुरुवातीपासून सुचवत आलोय, तेही तितकंसं खरं नाही. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी निघाली, तेव्हा तिच्या चौदा डब्यांत चारशे निमंत्रित बसले होते. सगळे मोठे लोक. नाना शंकरशेटांसारखं एखादं नाव सोडलं तर त्यांतलं कोण आज आपल्याला आठवतं? पण ती गाडी ओढणाऱ्या तीन इंजिनांची नावं, साहिब, सिंध आणि सुलतान, कुठलाही गाडीवेडा झोपेतून उठवलं तरी सांगेल. मिरज-लातूरच्या बार्शी लाइट रेल्वेचं तेच. १८९७ मध्ये एव्हरार्ड काल्थ्रॉप नावाच्या इंग्रजाने सुरू केलेली ही नॅरोगेज पुढे ब्रॉडगेज झाली आणि जुनी चिमुकली गाडी गेली. तिची पुठ्ठ्याची तिकिटं आज कुणाकडे आहेत? लोकांच्या बुटांच्या खोक्यांत आहेत. पुण्यात कोथरूडला भाऊ जोशींनी उभं केलेलं छोट्या रेल्वेचं संग्रहालय १९९८ मध्ये लोकांसाठी खुलं झालं. एका माणसाच्या लहानपणच्या नादातून तिथे अख्खं गाव वसलं आहे : सिग्नल, स्टेशनं, डोंगर आणि त्यांतून वेळेवर धावणाऱ्या गाड्या. वेळेवर धावणाऱ्या गाड्या बघायला तिकीट आहे, हे योग्यच.

तर वाचकहो, तुमच्या घरात असा एखादा काका, भाचा किंवा नवरा असेल, तर वर्षातला एक दिवस त्याला मोकळा सोडा. तो दिवस म्हणजे १ जून. दख्खनची राणी १९३० मध्ये याच तारखेला पहिल्यांदा धावली, आणि एसटीची पहिली गाडी पुणे-नगर रस्त्यावर निघाली तीही १९४८ च्या १ जूनलाच. रेल्वेवाले आणि एसटीवाले यांचं एकमत झालेली आजवरची ही एकमेव बाब, तीही त्यांना न विचारता झालेली. त्या दिवशी त्याच्या हातात भाजीची पिशवी देऊ नका, शाळेच्या पुस्तकांची यादी देऊ नका. जमलं तर तुम्हीही बरोबर जा. पुणे स्टेशनवर राणीचा केक कापतात, प्रवासी टाळ्या वाजवतात, इंजिनाला हार असतो. मात्र वेळेवर पोचा. राणी सव्वासातला सुटते, केक त्याआधी संपतो.